पोटभाडेकरू

मामाची एक खोड होती. कॉम्प्युटरमधून काहीही कायमचं काढून टाकायच्या आधी तो खुर्ची जरा मागे सरकवायचा आणि भर खोलीत मोठ्याने विचारायचा, "हे कोणाचं आहे का? काढतोय." एकदा नाही, तीनदा. लिलावात पुकारा करतात तसं, एक वार, दोन वार, तीन वार. खोलीत चिटपाखरू नसलं तरी विचारायचा. गिऱ्हाइकं तोंडाला पदर नाहीतर रुमाल लावून हसायची. हसू देत, म्हणायचा. मामा तो नावाचाच. गिऱ्हाइकांनी त्याला बनवलंही होतं तेच.

ही खोड त्याने उस्तादांकडून उचलली होती. उस्ताद रेडिओ दुरुस्त करायचे. दुकानात वर्षानुवर्षं पडून राहिलेला एखादा खोका मोडीत घालायचा झाला, तरी ते दारात उभे राहून तीनदा पुकारा करायचे. "तीनदा विचारून कोणी बोललं नाही तर ती वस्तू कोणाचीच नाही," ते सांगायचे. "आणि कोणी बोललं, तर आधी हात मागे घ्यायचा. कोण, का, कशाला, ते मागाहून." मामाने धंदा बदलला, रेडिओ गेले आणि कॉम्प्युटर आले, पण पुकारा तेवढा राहिला. उभ्या आयुष्यात त्याला उत्तर कधी मिळालं नव्हतं. म्हणूनच असेल, उस्तादांच्या सांगण्यातला दुसरा भाग त्याच्या कधी अंगवळणी पडला नाही.

भाचीचा फोन आला तेव्हा तो एका कीबोर्डमधून चहा झटकत होता.

"मामा, तूच काहीतरी कर," ती रडवेल्या आवाजात म्हणाली. तिचे दिवस भरत आले होते. ती नवऱ्याबरोबर दूरच्या शहरात राहायची आणि हे पहिलंच बाळंतपण. "डॉक्टर म्हणतात, जवळ कोणीतरी मोठं माणूस हवं. आई येत नाही म्हणते."

"का?"

"संध्याकाळी घर सोडता येत नाही म्हणते."

"अगं पण का?"

"म्हणते, तो येतो."

मामाने विचारलं नाही कोण. त्या घरात 'तो' एकच होता.

भाचीच्या पाठचा भाऊ. घरात त्याला सगळे बोका म्हणायचे, कारण तो चालायचा तसा. सहा फूट उंच, दाराच्या चौकटीला डोकं टेकणारा मुलगा, पण पावलांचा आवाज म्हणून नाही. कामावरून यायचा, फाटकाची कडी न वाजवता आत शिरायचा, आणि स्वयंपाकघरात आईच्या मागे जाऊन गप्प उभा राहायचा. खोडी काढायची म्हणून नव्हे. स्वभावच तसा, हाक मारायला लाजायचा. ताई, म्हणजे मामाची थोरली बहीण, अचानक वळायची आणि किंचाळायची. एकदा तर दुधाचं पातेलंच तिच्या हातून सुटलं. त्या पातेल्याला अजून पोचा आहे. "किती वेळा सांगितलं तुला, आवाज देऊन येत जा!" हे वाक्य मामाने त्या घरात इतक्यांदा ऐकलं होतं, की त्याला ते भिंतीवरच्या घड्याळाच्या ठोक्यासारखं झालं होतं.

दोन वर्षांपूर्वी एका संध्याकाळी बोका कामावरून घरी यायला निघाला आणि पोचला नाही. मोठ्या रस्त्यावर एका ट्रकने त्याची दुचाकी उडवली. जागच्या जागी गेला. ताईने त्याच्यासाठी चहा टाकला होता, तो आटून करपला तेव्हा कुठे कोणीतरी शेगडी बंद केली.

भाचीचा फोन आला त्याच्या दुसऱ्याच दिवशी दुपारी मामा ताईकडे गेला. घर बैठं, पुढे चार पावलांचं अंगण, लोखंडी फाटक. बाहेरच्या खोलीत खिडकीशी ताईचं शिलाई मशीन आणि त्याला खेटून बोक्याचा कॉम्प्युटर. ताई कपडे मापात बसवून द्यायची, कोणाची बाही आखूड, कोणाची कंबर सैल. टेबलावर दोऱ्यांची रिळं आणि कीबोर्ड एकाच धुळीत नांदत होते. कॉम्प्युटर चालू होता. दोन वर्षांत तो कोणी बंद केलाच नव्हता. बंद करायला कोणाचा हात धजला नव्हता. वीज गेली तर जायचा आणि वीज आली की आपला आपण सुरू व्हायचा.

"बस," ताई म्हणाली. तिचे डोळे खोल गेले होते, पण भांबावलेली वगैरे काही दिसत नव्हती. हातातल्या पँटची घडी तिने नीट घातली. "तिने तुला पाठवलं ना?"

"पाठवायला मी काय पार्सल आहे? आलो. सांग काय ते."

ताईने सांगितलं. त्यात लपवण्यासारखं तिला काही वाटत नव्हतं. आईच्या किंचाळण्याला कंटाळून बोक्याने एकदा एक युक्ती केली होती. "मला हाक मारायला जमत नाही, माझ्या वतीने हा मारेल," असं म्हणून त्याने कॉम्प्युटरमध्ये काहीतरी बसवलं. त्याचा फोन फाटकाशी आला, घरातल्या वायफायला लागला, की कॉम्प्युटरच्या स्पीकरमधून त्याचाच आवाज यायचा: 'आई, आलो गं!' मग ताई चहा टाकायची. तो गेल्यावर स्पीकर गप्प झाला, होणारच. आणि गेल्या हिवाळ्यापासून पुन्हा बोलायला लागला.

"रोज?"

"जवळजवळ रोज. दिवेलागणीला. हे कामावरून येतात त्याच सुमाराला. कधी ह्यांच्या आधी, कधी जरा जास्तच आधी. मी चहा टाकते. दुसरं काय करणार? एवढं आईला सांगून घरात आलेलं पोर, आणि घरात आईच नसली तर?"

मामा खुर्ची ओढून कॉम्प्युटरपुढे बसला. दुःखाशी त्याला बोलता यायचं नाही. यंत्राशी यायचं.

शोधायला फार वेळ लागला नाही. कॉम्प्युटरची जी मुख्य व्यवस्था असते, जिच्यावर सगळं चालतं, तिच्या पोटात दुसरी एक छोटी व्यवस्था राहू शकते. कंपनीच ती बरोबर देते, पण झोपवून ठेवलेली. ज्याला हवी त्याने यादीत जाऊन तिच्या नावापुढच्या चौकोनात खूण करायची, नको त्याने खूण काढायची. शंभरातल्या नव्व्याण्णव लोकांना ती आहे हेही ठाऊक नसतं. मामा गिऱ्हाइकांना समजावून सांगायचा, की तुमच्या घरात एक पोटभाडेकरू आहे. त्याची चूल वेगळी, कपाट वेगळं, भाषा वेगळी. दार तेवढं तुमचंच. बोक्याने ती खूण केली होती आणि आत आपलं बिऱ्हाड थाटलं होतं. हे सगळं त्याला शिकवलं कोणी? मामानेच, सुट्टीत दुकानात बसवून.

पडद्यावर आज्ञा टाइप करायची काळी खिडकी उघडून मामा आत शिरला. बोक्याचं कपाट नीटनेटकं होतं. त्यात एक लहानसा प्रोग्रॅम अजून चालत होता. पंधरावीस ओळींचा असेल. काम एवढंच, की थोड्या थोड्या वेळाने वायफायवर हाक घालायची, 'बोक्याचा फोन आहे का?' फोनने ओ दिली, की आवाजाची फाइल वाजवायची. फोनचा जो पत्ता त्यात लिहिला होता तो कारखान्यातून ठोकून आलेला असतो. एका फोनचा पत्ता दुसऱ्याला मिळत नाही.

मामाने मान वर केली. "ताई, त्याचा फोन कुठाय?"

"ह्यांच्याकडे असेल. पोलिसांनी सामान ह्यांच्याच हातात दिलं होतं. मी बघितलं नाही. मला बघायचं नव्हतं."

आणि मामाच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. दाजी! दाजी पाणीपुरवठ्याच्या पंपघरावर कामाला होते, अबोल माणूस, दिवसभर मोटारींच्या घरघरीत बसून बोलणंच विसरलेला. मुलाचा फोन त्या माणसाने दुरुस्त करून घेतला असणार, चार्ज करून खिशात ठेवत असणार. कोणाला न सांगता. संध्याकाळी फाटकाशी येतात, फोन वायफायला लागतो, आणि घरात मुलगा ओरडतो. म्हणून तर दिवेलागणीची वेळ! रोज बाप घरी येतो आणि आईला वाटतं मुलगा आला. मामाला फार वाईट वाटलं. पण वाईट वाटण्याच्या खाली, खरं सांगायचं तर, त्याला जरा बरंही वाटत होतं. कोडं सुटलं होतं. भूत नव्हतं, खिसा होता.

ताईला त्याने ते सांगितलं नाही. नवरा-बायकोच्या मधलं ते, दाजींनीच सांगावं. त्याने एवढंच म्हटलं, "ताई, यंत्र आहे हे. जे शिकवलं ते करतंय. कोणी येत नाही."

"मला माहितेय यंत्र आहे," ताई म्हणाली. "मी काय दुधखुळी आहे?"

"मग लेकीकडे जा. तिला तुझी गरज आहे. जिवंत आहे ती."

हे बोलायला नको होतं, हे त्याला बोलता बोलताच कळलं. ताईने शिलाई मशीनचं चाक उगाच फिरवलं, सुई वर गेली, खाली आली.

"आवाज येतोय तोवर माझे पाय निघणार नाहीत," ती शेवटी म्हणाली. "मी खूप समजावलं स्वतःला. पण तो 'आलो' म्हणणार आणि मी घरात नसणार, हे मला सहन होत नाही रे. तू तो काढून टाक. काढलास तर जाईन. मला काय वाटतं ते मात्र विचारू नकोस."

"त्याचा आवाज ठेवतो मी तुझ्यासाठी. वेगळा काढून. तो कुठे जाणार नाही." मामाने खरोखरच आवाजाची फाइल पेनड्राइव्हवर घेतली, उघडते का बघितली, आणि पेनड्राइव्ह तिच्या रिळांच्या डब्यात टाकला. ताईने डब्याकडे पाहिलंसुद्धा नाही. ती स्वयंपाकघरात गेली आणि दार लोटून घेतलं.

भाडेकरू काढायचा म्हणजे दोन कामं. आधी त्याचं सामान बाहेर काढायचं. ते एका आज्ञेत होतं, आणि ते कचऱ्याच्या टोपलीतही जात नाही, कायमचं पुसलं जातं. मग यादीतली खूण काढायची आणि कॉम्प्युटर पुन्हा सुरू करायचा. नुसती खूण काढून भागलं असतं, सामान आत झोपून राहिलं असतं. पण मामाला वाटलं, अर्धवट काम नको. उद्या कोणी चुकून खूण केली तर पुन्हा तेच. रोग मुळातूनच काढावा. मोडलेल्या गोष्टींशी ज्याचा रोजचा संबंध येतो त्याला ही घाई होतेच.

बाहेर ऊन उतरलं होतं. समोरच्या घरातल्या बाईने वाळलेल्या चादरी ओढून घेतल्या. मामाने आज्ञा टाइप केली, पण दाबली नाही. खुर्ची मागे सरकवली.

"हे कोणाचं आहे का?" त्याने विचारलं. "काढतोय."

स्वयंपाकघरात नळ वाहत होता. तो बंद झाला.

"हे कोणाचं आहे का? काढतोय."

कॉम्प्युटरच्या पंख्याने वेग घेतला. घेतो कधी कधी, आत धूळ साचली की. मामाला मनात आलं, जाताना हाही साफ करून द्यावा.

"हे कोणाचं आहे का?"

"आई, आलो गं!"

स्पीकर त्याच्या कोपराशीच होता. मामा असा दचकला, की गुडघा टेबलावर आपटला. आवाज बोक्याचाच होता, शेवटी जरा हसल्यासारखा, आणि मागे कुठेतरी दुपारचा पक्षी बोलत होता. त्याने तो या खिडकीत बसून भरला असणार. स्वयंपाकघरात शेगडी पेटल्याचा आवाज आला. ताईने चहा टाकला होता.

पण मामाचं डोकं ठिकाणावर होतं, आणि डोक्याचा त्याला फार अभिमान. दाजी आले, त्याने स्वतःला सांगितलं. फाटकाशी दाजी आले, खिशात फोन आहे, यंत्राने आपलं काम केलं. यात उत्तर कसलं? आणि दाजी आत यायच्या आधी हे उरकलेलं बरं, त्यांच्या देखत करवणार नाही. त्याने बटण दाबलं.

काळ्या खिडकीने एका ओळीत सांगितलं की काम झालं. एवढं मोठं बिऱ्हाड, पण जायला डोळ्याची पापणी लवण्याइतकाही वेळ लागला नाही. मामाने यादीतली खूण काढली आणि कॉम्प्युटर पुन्हा सुरू करायला लावला. पडदा काळा झाला. दोन वर्षांत पहिल्यांदाच कोणीतरी मुद्दाम ती पंख्याची घरघर थांबवली होती, आणि तेव्हा कुठे त्याने खिडकीतून बाहेर बघितलं.

फाटक बंद होतं. कडी लागलेली होती. अंगणात कोणी नव्हतं.

कोपऱ्यावर कोणाशी बोलत असतील, मामाला वाटलं. ताई चहाचे कप घेऊन आली. एक मामासाठी, एक तिचा स्वतःचा, एक दाजींचा आणि एक आणखी. चौथा कप तिने शिलाई मशीनवर ठेवला. दोघं चहा प्यायले. दाजींच्या चहावर साय धरली. ते येईपर्यंत दिवे लागले होते.

मामाने त्यांना अंगणातच गाठलं. "दाजी, एक विचारू? रागावू नका. त्याचा फोन तुमच्या खिशात असतो ना?"

दाजींनी सदऱ्याच्या वरच्या खिशावर हात ठेवला, चोरी पकडल्यासारखा. मग मान हलवली. "तुला कोणी सांगितलं?"

"कोणी नाही. कळलं. चांगलं केलंत. पण तो चालू ठेवलात ना, म्हणून घरात..."

"चालू?" दाजी म्हणाले.

त्यांनी फोन काढून मामाच्या हातात दिला. काच नव्हतीच, चौकट मधोमध वाकलेली, कडेला काळा डाग. पण मामाला खटकलं ते वेगळंच. फोन हलका होता. फार हलका, नुसत्या टरफलासारखा.

"दुकानात दाखवला होता," दाजी सावकाश म्हणाले. "म्हणाले, आत काही उरलं नाही. बॅटरी फुगली होती, धोका नको म्हणून तीही काढून घेतली. त्याच आठवड्यात. मी आपला असाच बाळगतो."

मामाने फोन उलटापालटा केला. मागचं झाकण नखाने उचकटून बघितलं. आत चौकोनी खड्डा होता, रिकामा. या धंद्यात त्याचे केस पिकले होते. जिवंत यंत्र आणि मेलेलं यंत्र यातला फरक त्याला अंधारातही कळला असता.

"मग तो आवाज?" त्याने विचारलं. "तुम्ही फाटकाशी आलात की..."

"मी येण्याआधीच येतो तो." दाजींनी फोन परत घेतला आणि खिशात ठेवून वर हात ठेवला. "मी कोपऱ्यावर थांबतो रोज. तिथपर्यंत ऐकू येतो. तो आलो म्हणाला, की मग थोड्या वेळाने मी येतो. त्यांना जरा वेळ मिळावा म्हणून. मला वाटलं, तुझ्या त्या यंत्रात वेळ लावून ठेवलेली असेल. आज ऐकला आणि जरा जास्तच थांबलो."

मामा आत धावला. प्रोग्रॅमने आपल्या हाकेला कोणी ओ दिली, कधी दिली, याची नोंद ठेवलेली असते. ती बघितली की सोक्षमोक्ष लागला असता. कॉम्प्युटर सुरू होऊन स्वच्छ निळा पडदा दाखवत बसला होता. आणि मग त्याच्या लक्षात आलं, की नोंद त्याच कपाटात होती. जिथे बघायचं तेच त्याने पुसून टाकलं होतं. उस्ताद असते तर काय म्हणाले असते, ते त्याला चांगलं ठाऊक होतं. तीनदा विचारलं होतं आणि तिसऱ्यांदा उत्तर आलं होतं, आणि हात मागे घेतला नव्हता.

दुसऱ्या दिवशी मामा दुकान उघडायला गेला नाही. ताईने ठरवलं होतं, की आज संध्याकाळी आवाज आला नाही तर उद्या सकाळच्या गाडीने निघायचं. बोललेला शब्द ती फिरवणारी नव्हती. दुपारीच तिने बॅग काढली, बाळासाठी शिवलेली झबली, टोपरी, दुपटी तळाला घातली, वर स्वतःचे कपडे. भाचीचा दोनदा फोन आला. दोन्ही वेळा ताई तिच्याशी मोकळेपणी बोलली, एकदा तर हसली. मामा तो आवाज ऐकत बसला आणि त्याला वाटलं, जाऊ दे, फोन हलका तर हलका. यंत्रं बिघडतात, कधी उगाच बडबडतात. आता नाही बडबडणार.

ऊन उतरलं. समोरच्या बाईने आज चादरी वाळत घातल्याच नव्हत्या. दाजी कामावरून लवकर येऊन तिकिटं काढायला गेले होते. मामा बाहेरच्या खोलीत खुर्चीवर बसून होता. ताई खिडकीशी मशीनवर हात ठेवून बसली होती. दोघांपैकी कोणी स्पीकरकडे बघत नव्हतं, आणि दोघांनाही दुसरं काही दिसत नव्हतं. रोजची वेळ आली. गेली. रस्त्यावरचे दिवे लागले.

"झालं तर," ताई म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ती उठली. "बरं झालं बाबा. सुटले." तिने बॅगेची चेन ओढून बंद केली. "थांब, चहा टाकते. हेही येतीलच आता."

ती आत गेली. स्वयंपाकघराचं दार उघडं होतं. मामा बसला होता तिथून त्याला तिची पाठ दिसत होती, ओटा दिसत होता, आणि दोघांच्या मधली मोकळी फरशी. तिने पोचा आलेलं पातेलं घेतलं, दूध ओतलं. आज तीनच कप काढले. मामाने ते मोजले आणि डोळे मिटून घेतले. इतकं हलकं त्याला बऱ्याच दिवसांत वाटलं नव्हतं.

ताई किंचाळली.

पातेलं आपटलं, दूध ओट्यावरून खाली ओघळलं. मामा ताडकन उठला. ताई वळून उभी होती, एक हात छातीवर. ती मामाकडे बघत नव्हती. दार आणि ओटा यांच्या मधल्या मोकळ्या जागेकडे बघत होती, आणि मान वर करून बघत होती; सहा फूट उंचीच्या माणसाकडे बघावं लागतं तशी.

"किती वेळा सांगितलं तुला," धाप लागलेल्या आवाजात ती म्हणाली, "आवाज देऊन येत जा!"

बाहेर फाटकाची कडी वाजली नव्हती. मामा जागचा हलला नाही. फरशीवर दुधाची धार पसरत पसरत मधल्या जागेपर्यंत आली आणि तिथे, काहीतरी आडवं असावं तशी, दोन बाजूंनी वळसा घालून पुढे गेली.

ताईने हळूहळू श्वास आवरला. शेगडी बारीक केली. फडकं घेऊन ओटा पुसला, पातेल्याचा नवा पोचा बोटाने चाचपून बघितला. आता तिच्या चेहऱ्यावर भीती नव्हती. होती ती नुसती रोजची चिडचिड, आणि त्या चिडचिडीखाली जे असतं ते. मग तिला मामाची आठवण झाली.

"त्याला काही बोलू नकोस," ती म्हणाली. "त्याचा काय दोष? त्याच्याकडे होता तो आवाज तूच काढून घेतलास."

"ताई..." मामाच्या तोंडून कसंबसं निघालं. "उद्याची गाडी..."

"मुलीला फोन कर. म्हणावं, सासूबाईंना बोलावून घे." तिने मांडणीवरून चौथा कप काढला, पदराने पुसला आणि बाकीच्या तिन्ही कपांशेजारी ठेवला. "आधी निदान कळायचं, कधी येतो ते. संध्याकाळपुरतं घरी असलं की भागायचं. आता काय, केव्हाही येईल. मला आता दिवसभर घर सोडता यायचं नाही."